पाचांतली एक खुर्ची

पप्पा, दुकानाच्या काउंटरवर गेले नऊ दिवस एक फॉर्म पडून आहे, आणि पंख्याच्या वाऱ्यानं तो उडू नये म्हणून मी त्यावर तुमचं एक जुनं बेअरिंग ठेवलं आहे. फॉर्म एका पानाचाच आहे. नाव, वय, पत्ता, आणि खाली सही. एवढ्याशा कागदाला नऊ दिवस लागत नाहीत हे मलाही कळतं. गिऱ्हाईक येतं, जळालेली मोटर ठेवतं, चहा पिऊन जातं. मी बेअरिंग उचलते, कागद वाचते, पुन्हा बेअरिंग ठेवते. आज शेवटी दुपारीच शटर अर्धं ओढून घेतलं आणि म्हटलं, ज्यांना विचारायला हवं त्यांनाच लिहावं. तुम्हाला जाऊन वीस वर्षं झाली ही एक अडचण आहे. पण तुम्ही होता तेव्हा तरी विचारलेल्याचं सरळ उत्तर कुठं देत होता?

मराठीत लिहितेय म्हणून रागावू नका. घरात आपण गुजरातीत बोललो, पण माझी शाळा मराठी, दुकान मराठी, आणि शिव्या तर तुमच्याकडूनच शिकलेल्या, अस्सल कोल्हापुरी. गोंधळ उडाला की मला मराठीच सुचतं, आणि सध्या डोक्यात दुसरं काही नाही.

फॉर्म पुण्याहून आला आहे, आपल्या समाजाच्या मंडळाकडून. पारशी नवरा-बायकोचे खटले चालतात तेव्हा जजसाहेबांच्या बरोबर समाजातली साधी माणसं बसतात, ते डेलिगेट. तुम्ही होतात तसे. जुन्या यादीची दहा वर्षं संपत आली आहेत. यादीतले काही वर गेले, काही मुलांकडे कॅनडाला गेले, एकाला आता ऐकूच येत नाही. नवी नावं नेमणार सरकार, पण नेमण्याआधी समाजाला विचारतात की बाबांनो, तुम्हाला कोण चालेल. मंडळाच्या सेक्रेटरींचा फोन आला, कोल्हापुरातून तुमचं नाव सुचवलं आहे म्हणाले. मी म्हटलं, कोल्हापुरात आता सुचवायला उरलंय कोण? इथले सगळे पारशी एका टेम्पोत मावतील आणि वर जेवणाचे डबेही ठेवता येतील. ते हसले आणि त्यांनी सुचवणाऱ्या बाईंचं नाव सांगितलं. टायपिंगवाली मासी. आपल्या घरात तिचं नाव कुणी घेत नव्हतं, आठवतं ना? तुम्हीच घेऊ देत नव्हता.

तुमची नेमणूक झाली तेव्हा मी सातवी-आठवीत असेन. मम्मीला जाऊन दोन वर्षं झाली होती. सरकारी राजपत्रात नाव छापून आलं, त्याचं कात्रण तुम्ही देवाच्या दिव्यामागच्या भिंतीला लावलं, आणि तेलाच्या धुरानं ते महिन्याभरात पिवळं पडलं. वर्षा-दोन वर्षांतून एखाद्या वेळी बोलावणं यायचं. मग तुम्ही लग्नातला काळा कोट काढायचा, त्याला डांबराच्या गोळ्यांचा वास यायचा, आणि सकाळच्या गाडीनं पुण्याला जायचा. एकदा बिद्रीचा एक शेतकरी मोटर घेऊन आला होता, तुम्हाला कोटात बघून घाबरला.

"बावाजी, कुठं निघालासा?"

"कोर्टात."

"आयला! काय केलंसा?"

तुम्ही त्याला समजावून सांगितलंत की मी काही केलेलं न्हाय, मी न्याय करायला निघालोय. तो मोटरीवर बसून राहिला आणि म्हणाला, "न्याय करताय आनि माजी मोटर चार दीस हितंच पडलीया, ती कुनाकडं सांगू?" तुम्ही कोट काढून ठेवलात आणि आधी त्याची मोटर उघडलीत. गाडी चुकली असती, थोडक्यात मिळाली.

मला तुमचं ते मोटर उघडणं फार आवडायचं. गिऱ्हाईक कधी खरं बोलत नाही. आपोआप जळली, नुसती चालू केली तर धूर आला, हे ठरलेलं. तुम्ही ऐकून घ्यायचा. कव्हर काढून आतली गुंडाळी उजेडात धरायचा. सगळं तांबं सारखं काळं पडलं असेल तर मोटरीवर झेपेना एवढा भार टाकलेला. काही गुंडाळ्या काळ्या आणि काही नव्यासारख्या लालसर असतील तर तीन तारांतली एक गेली होती आणि तरी ह्यानं मोटर रेटलेली. मग तुम्ही मान वर करून म्हणायचा, "पावनं, जळली न्हाय, तुमी जाळलीसा," आणि पावणं पैसे मोजायला लागायचे. मला वाटायचं, पुण्याला कोर्टातही तुम्ही हेच करत असणार. माणसं काहीतरी सांगतात, तुम्ही आतलं तांबं बघता आणि सांगता. अठराव्या वाढदिवसाला तुम्ही मला तुमचा स्वतःचा टेस्टर दिलात, पिवळ्या मुठीचा, आणि म्हणालात की आधी तपासायचं, मग हात लावायचा. इतर मुलींना त्या वयात बांगड्या मिळतात. मी रुसले होते, पण तो टेस्टर अजून माझ्या खिशात असतो.

डेलिगेटचं काम काय, हे मला तुम्ही फक्त एकदा सांगितलं आहे, तेही ओरडताना. तुम्ही पहिल्या खटल्याहून परत आला होता. मी अंड्यांची अकुरी केली होती, जरा करपली होती. तुम्ही जेवायला बसलात आणि मी उत्साहात विचारलं, कोण जिंकलं? तुम्ही चमचा खाली ठेवलात. तुम्ही फार चिडलात की गुजराती बाजूला पडून कोल्हापुरी यायची. "कोन जिंकलं म्हनं! कुस्तीचं मैदान हाय व्हय ते?" मग सांगितलंत. कायदा साहेबांचा, तो आपल्याला विचारत नाहीत. आपल्याला एवढंच विचारतात की घडलं का नाही घडलं. तुमच्या सुरुवातीला सात जण बसायचे, पुढे पाच झाले, ज्या बाजूला जास्त माणसं ते खरं धरायचं. आणि ते ठरवायचं त्या खोलीत कानावर पडेल तेवढ्यावरच. बाहेर कुणी काही सांगू लागलं तर कान बंद. घरात कुणी आलं, चिठ्ठी आणली, निरोप आणला, तर घ्यायचा नाही. "घेतलास तर मी त्या खुर्चीवर बसायच्या लायकीचा न्हाय, आनि तू माजी पोरगी न्हाय." त्या रात्री करपलेली अकुरी तुम्ही सगळी खाल्लीत. ओरडल्याचं वाईट वाटलं असावं.

आता मासीचं. ती तेव्हा आपल्यासाठी मासी नव्हतीच, नुसती एक बाई होती. तिचा नवरा एका साखर कारखान्यावर इंजिनिअर. तुम्ही बिद्रीला जायचा, वारणानगरला जायचा, पण त्याच्या कारखान्यावर कधी काम घेतलं नव्हतं, म्हणून ओळख फक्त नवरोजच्या जेवणापुरती. ती त्याचं घर सोडून कोल्हापुरात आली, शाहूपुरीत एक खोली भाड्यानं घेऊन टायपिंग शिकवू लागली, आणि तिनं घटस्फोट मागितला. नवरा म्हणाला, मी काही केलं नाही, ती आपणहून निघून गेली, आजही परत यावं. खटला तुमच्याकडे आला. तुम्ही आधीच साहेबांना सांगितलंत की मी एकाच गावचा आहे, दोघांना तोंडओळखीनं ओळखतो, मला वगळा. साहेबांनी दोन्हीकडच्यांना विचारलं. तिथं पसंत नसलेली दोन नावं कारण न देता काढता येतात म्हणे. तिनं तुमचं नाव काढलं नाही, त्यानंही काढलं नाही. तुम्हाला त्याचा अभिमान वाटला होता, नाही म्हणू नका. आरशासमोर कोट घालून बघत होता.

साक्षी झाल्या. शेवटच्या तारखेच्या आदल्या दिवशी दुपारी ती आपल्याकडे आली. मी एकोणीस वर्षांची. तुम्ही वरच्या खिडकीतून तिला रस्ता ओलांडताना बघितलंत आणि अर्धं जेवण टाकून उठलात. मी म्हटलं, घरी नाही म्हणून सांगू का? तुम्ही म्हणालात, "मी बाहेर जातो, म्हणजे तुला खोटं बोलावं लागणार नाही." आणि मागच्या जिन्यानं उतरून गेलात. तुमच्या ताटातल्या डाळीची वाफ अजून येत होती आणि ती दारात उभी. खोटं बोलावं लागलं नाही, पण तिच्याकडे बघवतही नव्हतं.

मी तिला फुदिना आणि गवती चहा घातलेला चहा दिला, बशीत नानखटाई. ती तास-दीड तास बसली. जिन्यावर पाऊल वाजलं की मान वर करायची. नानखटाई एकामागून एक खाल्ल्या, आणि मी कप उचलायला वळले तेव्हा उरलेल्या दोन रुमालात गुंडाळून पर्समध्ये टाकल्या. मला वाटलं, काय ही हावरट बाई. मग तिनं ब्लाऊजमधून एक चिठ्ठी काढली, चौकोनी घडी, वर टाचणी. "पप्पांना दे. हे मला त्या सगळ्या बाप्यांसमोर बोलता आलं न्हाय, उद्याबी येनार न्हाय. तेवढं वाचू देत." मी घेतली. मम्मीचा तो पत्र्याचा भोकांचा डबा, उंबऱ्यावर रांगोळीचे छाप टाकायचा, तिथंच फळीवर होता. मी चिठ्ठी त्यात टाकली.

तुमचा नियम मला ठाऊक होता. चिठ्ठी घ्यायची नाही, निरोप आणायचा नाही. घेतली ही चूक झाली होती, पण दिली असती तर तुम्हाला खुर्ची सोडावी लागली असती. म्हणून मी ती तुम्हाला दिली नाही. दुसऱ्या दिवशी तुम्ही पहाटेच गेलात. तीन विरुद्ध दोन असा निकाल लागला: ती आपणहून गेली. घटस्फोट नाही. कोण कुठल्या बाजूला होतं ते बाहेर आलं नाही, आणि तुम्ही तर मेलात तरी सांगितलं नाही.

ती पुढे धड बायको नाही आणि धड सुटलेली नाही अशी राहिली, सतरा-अठरा वर्षं, तो नवरा मरेपर्यंत. टाइपरायटरवर पोरींना ओळी घोटायला लावायची. शाहूपुरीत येता-जाता तो खडखडाट ऐकू यायचा आणि मी रस्ता बदलायचे. चिठ्ठी मी फेकली नाही, उघडलीही नाही. का उघडली नाही हे मला सांगता येत नाही. आतल्या मजकुरानं निकाल फिरला असता असं निघालं असतं तर? आणि फिरला नसता असं निघालं असतं तर मी इतकी वर्षं रस्ता बदलत होते ते कशाला?

आणि पप्पा, तो पंखा. निकालानंतर महिन्या-दीड महिन्यानं तिच्या क्लासमधला पोऱ्या आपल्या दुकानात पंखा घेऊन आला. दुकानात तुमच्याच हातची पाटी होती, पंख्याची कामं घेतली जात नाहीत. माणसं कितीही गयावया करोत, तुम्ही पाटीकडे बोट दाखवायचा. तो पंखा मात्र तुम्ही घेतलात. कारागिराला दिला नाहीत, स्वतः नवी तार गुंडाळून भरलात, वार्निश लावलंत, उन्हात वाळवलात, आणि स्वतः तिच्या क्लासला नेऊन छताला टांगून आलात. परत आल्यावर हात धुवत म्हणालात, "फार जुना होता." बस. मी त्या पंख्यावरून किती डोकं फोडलं आहे! तिच्या विरुद्ध हात वर केला म्हणून लाज वाटली आणि पंखा भरलात? की तिच्या बाजूनं होता, हरलात, आणि तेवढंच करता आलं म्हणून भरलात? मोटर असती तर उघडून बघितलं असतं. तुमचं कव्हर मला कधी काढता आलं नाही.

सेक्रेटरींचा फोन आल्यावर मी दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मासीकडे गेले. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. क्लास बंद होऊन जमाना झाला, ती वरच्या खोलीत एकटी राहते. ऐंशीच्या आसपास असेल, कमरेत वाकली आहे, पण आवाज तोच, खाली रस्त्यावर ऐकू जाईल असा. तिनं रवा भाजून दूध घालून गोड रवो केला होता, वर बेदाणे. माझ्यासमोर एवढी मोठी वाटी ठेवली आणि मी खाते की नाही बघत बसली. छताला पंखा होता. तोच. फिरत होता आणि आवाज करत नव्हता.

मी विचारलं, मासी, माझं नाव का दिलंस?

"का म्हंजे? त्या खुर्चीवर बाई पायजे. पाच बाप्ये समोर बसलं की उपाशी हुते म्हनायला जीब उचलत न्हाय."

मला कळेना. मी विचारलं, कोण उपाशी होतं? ती माझ्याकडे बघून हसली, जणू मी थट्टा करतेय. "आता तुज्यापासनं काय लपवायचं? तुज्या बापानं वाचलंच की चिठ्ठीत." आणि मग तिनं सांगितलं, अगदी सरळ, रवोत चमचा फिरवत. नवरा कारखान्यावर जाताना स्वैपाकघराला कुलूप लावून जायचा. पीठ मोजून द्यायचा, भाकऱ्या मोजून घ्यायचा. शेजारणीकडे मागायची सोय नव्हती, इंजिनिअरसाहेबांची बायको. एकदा तीन दिवस तो बाहेरगावी गेला आणि कुलूप तसंच. चौथ्या दिवशी ती निघाली. "आपनहून गेली म्हनत्यात. आपनहूनच गेले की! पन कशापायी गेले ते सांगायला लाज वाटली. मारलं असतं तर बोलले असते. मार सांगता येतो गं, भूक सांगता येत न्हाय."

मला त्या दोन नानखटाया आठवल्या, रुमालातल्या. घर सोडून इतके महिने झाले होते, आता तिला कुणी कुलूप लावत नव्हतं, तरी तिनं त्या उद्यासाठी ठेवल्या होत्या. आणि मी तिला हावरट म्हटलं होतं. खोटं सांगत नाही, रडू आलं. तिला वाटलं, बेदाणा अडकला. तिनं पाणी दिलं.

मग ती पुढे बोलत राहिली आणि माझं डोकं आणखी फिरलं. तिच्या मते त्या दोन जणांत एक तुम्ही होता. मी विचारलं, कशावरून?

"साहेबांनी निकाल वाचला तवा बाकीचं चौघं माज्याकडं बघत हुतं. तुजा बाप तेवढा खाली बघत हुता. हरलेला मानूस खाली बघतो. त्यानं चिठ्ठी वाचली, हात वर केला, पन तिघांपुढं दोगं काय करनार? मग पंखा भरून दिला. मी काय बोलले न्हाय, त्योबी काय बोलला न्हाय." आणि माझ्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणाली, "तू पोचवलीस ना ती. नियम मोडून पोचवलीस. बापाला भीत हुतीस, तरी. म्हनून तुजं नाव दिलं. दुसऱ्या कुनावर माजा भरवसा न्हाय."

मी मान हलवली. मान कोणत्या बाजूला हलली ते मलाही सांगता येणार नाही.

नऊ दिवस झाले याला. तुम्ही खाली बघत होता यावरून ती तुम्हाला आपल्या बाजूचा धरते. पण तुम्ही तर गिऱ्हाइकाला वाईट बातमी सांगतानाही खाली बघायचा, पत्त्यांत लबाडी करतानाही, आणि मम्मीला नेलं तेव्हाही. त्याचा अर्थ कसा लावायचा? आणि समजा, तुम्ही चिठ्ठी न वाचताच तिच्या बाजूनं हात वर केला असेल, तर तुम्हाला तांबं दिसलं होतं, तुम्ही मला वाटायचा तसेच होता, आणि माझ्या चिठ्ठीनं फारसं काही बिघडलं नाही. विरुद्ध केला असेल, तर ती चिठ्ठी हातात पडली असती तर दोनाचे तीन झाले असते. पण तुमच्या नियमानं तुम्ही ती वाचलीच नसती. टाचणीसकट तिच्या दारात टाकून आला असता. की नसता? ताट टाकून पळालात ते नियमासाठी, की ती समोर बसली तर नियम पाळता येणार नाही म्हणून? कधी वाटतं मी बरोबर केलं. कधी वाटतं, कुलुपं एकट्या नवऱ्यानंच लावली नाहीत. सकाळी एक वाटतं, गिऱ्हाईक गेलं की दुसरं. सही करावी तर ती एका थापेवर होणार. नाही करावी तर उद्या तशीच एखादी बाई पाच जणांपुढे उभी राहील, आणि जीभ उचलणार नाही. मासी बरोबर बोलते, तिथं बाई हवी. ती मीच असावी का, एवढाच प्रश्न आहे, आणि तो कुणाला विचारावा तर ज्यांना विचारायचं ते तुम्ही गेलात, आणि चिठ्ठी पोचली नाही हे माहीत असलेली उरले मीच.

आज सकाळी डबा काढला. रांगोळीची पूड घट्ट झाली आहे, चिठ्ठी तिच्यात रुतून बसली होती. टाचणी गंजून कागदाला तांबडा डाग पडला आहे. ती मी उद्या मासीला नेऊन देणार आहे, न उघडता. फॉर्मचं त्यानंतर बघू. तिला नाव काढून घ्यायचं असेल तर ती काढून घेईल. तिला काय सांगायचं हे माझं इतक्या वर्षांत पाठ झालं आहे, पप्पांचा नियम होता मासी, मी तरी काय करणार. तुम्हालाही वर तेच लिहून गेले आहे. लिहिताना हात जराही अडखळला नाही.

पण हे पत्र कुठल्याही पेटीत पडायचं नाही, मग ह्यात तरी खोटं कशाला. डेलिगेटला एवढंच विचारतात ना, काय घडलं? तर घडलं ते असं. चिठ्ठी हातात घेतली आणि खालून माझ्या मैत्रिणीनं लूनाचा हॉर्न वाजवला. तीनच्या खेळाची तिकिटं तिच्याकडे होती आणि मासी बसून राहिल्यामुळे आम्हाला आधीच उशीर झाला होता. मी चिठ्ठी हाताशी होता त्या डब्यात टाकली, तुमचं ताट तसंच झाकलं आणि जिना उतरले. थिएटरात शेजारी बसून मैत्रिणीला नानखटाईची गोष्ट सांगितली, दोघी खूप हसलो. संध्याकाळी तुम्ही घरी होता, मी होते, डबा फळीवर होता. तुम्ही पुण्याला जाऊन दुसऱ्या दिवशी परत आलात, दारात बसलात, म्हणालात, "संपलं एकदाचं," तेव्हा मला ती चिठ्ठी आठवली. मी विसरले होते. तुमचा नियम मला त्याच्यानंतर आठवला, पप्पा, तुम्ही बूट काढत होता तेव्हा.